पुढे असेल त्याने प्यावं

ताई,
मी २७ वर्षांचा, दादरला भाड्याच्या वन बीएचकेत राहतो. दर महिन्याच्या शेवटच्या शनिवारी कॉलेजचे आम्ही चौघं माझ्याकडे जमतो आणि लॅपटॉप टीव्हीला जोडून 'सिव्हिलायझेशन सिक्स' हा शहरं वसवून साम्राज्य वाढवायचा गेम खेळतो, हॉटसीटवर, म्हणजे एकाच लॅपटॉपवर आळीपाळीने. दोन महिन्यांपूर्वी आम्ही त्यात पिण्याचे नियम आणले. शहर गेलं की एक शॉट, युनिट (सैन्याची तुकडी) मेलं की एक शॉट, बार्बेरियनने (गेमच चालवतो त्या लुटारूंनी) लुटलं की एक शॉट. पहिल्या वेळी धमाल आली. मागच्या वेळी मात्र आमच्या मैत्रिणीला दीड तासात सहा शॉट लागले आणि ती साडेनऊलाच आउट झाली. गेम अर्धवट राहिला. चौथा मित्र पीतच नाही. तो कोक घेऊन बसतो आणि बहुतेकदा जिंकतो, त्यावरून टोमणे सुरू झाले आणि भांडण झालं. आता ग्रुपवर कुणी पुढच्या शनिवारचं नाव काढत नाही. मला हे बंद करायचं नाहीये. नीट नियम सुचवशील का? आणि कधी कधी आम्ही 'एज ऑफ एम्पायर्स टू' खेळतो, तिथे काय करायचं?
– दादरचा यजमान

प्रिय यजमाना,

आधी एक सांगते, शनिवार बंद करू नकोस. कॉलेज सुटून इतकी वर्षं झाल्यावर चौघं जण दर महिन्याला ठरलेल्या दिवशी एका खोलीत येऊन बसतात, ही मुंबईत साधी गोष्ट नाही. कुणाची शिफ्ट असते, कुणाच्या घरी पाहुणे असतात, कुणाला डोंबिवली-वसईहून गर्दीत लटकून यायचं असतं. एवढं सगळं जमवून तुम्ही भेटत होतात. ते तीन चुकीच्या नियमांपायी मोडू नये असं मला मनापासून वाटतं, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

तुमचे नियम पुन्हा वाच. शहर गेलं, युनिट मेलं, लुटलं गेलं. तिन्ही वेळा प्यायला लागतं ते ज्याचं आधीच नुकसान झालंय त्याला. सिव्हसारख्या खेळात जो सुरुवातीला दोन शहरांनी पुढे जातो तो पुढेच जात राहतो. जास्त शहरं म्हणजे जास्त उत्पादन आणि जास्त सैन्य, म्हणजे आणखी शहरं. मागे पडलेल्याला वर यायचं तर डोकं लढवावं लागतं, आणि तुमचा नियम नेमकं त्याचंच डोकं बधिर करतो. मग तो आणखी हरतो, आणखी पितो. बार्बेरियनचं तर बरंचसं नशिबावर असतं. त्यांचा स्काउट तुमचं शहर बघून छावणीवर परत पोचला की धाडी सुरू होतात, आणि छावणी कुणाच्या दाराशी उगवेल हे नकाशा ठरवतो. तुझी मैत्रीण कच्ची खेळाडू होती म्हणून आउट झाली नाही. पहिल्या अर्ध्या तासात ती मागे पडली आणि पुढचं सगळं नियमांनी केलं.

आता हिशेब बघ. शॉट ३० मिलीचा धरला तर सहा शॉट म्हणजे १८० मिली, म्हणजे अख्खी क्वार्टर. आपल्याकडची व्हिस्की-रम साधारण ४२.८ टक्क्यांची असते, त्यामुळे एका स्मॉलमध्ये, म्हणजे ३० मिलीच्या पेगात, १० ग्रॅम अल्कोहोल पकड. ६० ग्रॅम दीड तासात पोटात गेलं. यकृत तासाला साधारण ७ ते १० ग्रॅम निस्तरतं, म्हणजे तेवढ्या वेळात फार तर १५ ग्रॅमचा निकाल लागला. शिवाय प्यायलेलं पूर्ण चढायला अर्ध्या तासापासून दीड तासापर्यंत वेळ लागतो. तिने सहावा शॉट घेतला तेव्हा तुम्हाला तिच्यावर दिसत होता तो पहिल्या दोन-तीन शॉटचा परिणाम. उरलेले वाटेत होते. म्हणूनच 'आत्ता तर नीट बोलत होती' असं सगळे म्हणतात.

हे मला पुस्तकातून कळलेलं नाही. मी सव्वीसची होते तेव्हा परळला एका मैत्रिणीच्या खोलीवर आम्ही पाच जणी जमायचो. जगाच्या नकाशावर फासे टाकून देश जिंकायचे असा बोर्ड गेम होता आणि नियम तुमच्यासारखाच, देश गेला की बाटलीचं झाकण भरून रम. आमच्यातली एक त्या रात्री सगळं हरली आणि चटईवर उताणी झोपली. आम्ही तिच्या अंगावर चादर घातली आणि खेळत राहिलो. अकराच्या सुमाराला शेजारच्या काकू आमचा आवाज फार होतोय हे सांगायला आल्या. दारातूनच त्यांचं लक्ष तिच्याकडे गेलं. तिच्या घशातून गुळगुळ आवाज येत होता, हंडी भरत आल्यावर नळाखाली येतो तसा, आणि फाशांच्या खडखडाटात आमच्यापैकी एकीलाही तो ऐकू आला नव्हता. काकूंनी तिला कुशीवर वळवलं. ओढणीच्या टोकाने तोंडातलं सगळं पुसून काढलं. तिचा एक हात गालाखाली दिला आणि वरचा गुडघा दुमडून पुढे घेतला, म्हणजे ती झोपेत परत उताणी होणार नाही. काकू एक शब्दही रागावल्या नाहीत. त्या पहाटेपर्यंत आमच्याबरोबर बसून तिचा श्वास मोजत राहिल्या.

ती बरी झाली. पण पुन्हा कधी आमच्यात खेळायला आली नाही, आणि आम्हीही लाजेपायी नीट विचारलं नाही. ते मला आजही लागतं.

काकूंनी जे केलं ते तुम्हा चौघांना यायला हवं. कुणी जास्त झाल्याने झोपलं तर त्याला कुशीवर वळवायचं आणि कुणीतरी शेजारी जागं राहायचं. हलवूनही उठत नसेल, श्वास अडखळत किंवा फार सावकाश चालत असेल, अंग गार किंवा ओठ निळसर पडले असतील तर १०८ला फोन करायचा, लगेच. कॉफी पाजणं, थंड पाण्याखाली धरणं यातलं काही करायचं नाही. घरी कळेल म्हणून थांबायचं नाही.

आता नियम. मी एकच मोठा बदल सुचवते, बाकीचे त्यामागून येतात. जो पुढे आहे त्याने प्यायचं. असं केलं की खेळ आपोआप सावरला जातो. आघाडीवरचा जरा ढिला पडतो, मागचा शुद्धीत राहून डाव टाकतो, आणि शेवटपर्यंत चौघंही खेळात असतात. मला तर हे खेळ म्हणूनही जास्त रंगतदार वाटतं. शेजाऱ्याची राजधानी समोर दिसतेय, घेतली तर पेला उचलावा लागेल, घेऊ की नको?

त्याआधी सेटिंग बदल. तुमचा गेम अर्धवट राहतो तो फक्त दारूमुळे नव्हे. गेमच्या सगळ्यात वेगवान 'ऑनलाइन' स्पीडलासुद्धा २५० टर्न असतात. चौघांनी प्रत्येकी सरासरी अर्धा मिनिट घेतला तर एका फेरीला दोन मिनिटं, म्हणजे आठ तासांहून जास्त. एका संध्याकाळीत ते होणारच नाही. ॲडव्हान्स्ड सेटअपमध्ये टर्नची मर्यादा कस्टम करून १०० टाक. नकाशा टायनी घे, तो चौघांसाठीच आहे. शंभराव्या टर्नला ज्याचा स्कोअर जास्त तो जिंकला. सुरुवातीच्या फेऱ्या झपाझप जातील, नंतरच्या रेंगाळतील, पण सव्वातीन-साडेतीन तासांत निकाल लागेल. आणि निकाल लागला की 'फक्त एक टर्न' म्हणत दोन वाजेपर्यंत बसणं आपोआप थांबेल.

हॉटसीटची आणखी एक गंमत आहे, तिच्याकडे फारसं कुणाचं लक्ष जात नाही. एक जण खेळत असतो तेव्हा बाकीचे तिघं मोकळे असतात, आणि दुसऱ्याचा डाव दिसू नये म्हणून टीव्हीकडे बघायचंही नसतं. मग हातातल्या ग्लासाशिवाय करायला काही उरत नाही. मी स्वतःला पाहिलंय, नियमाने जितकं पोटात जातं त्याच्या दुप्पट त्या रिकाम्या वेळात जातं. म्हणून ग्लास बैठकीत आणायचेच नाहीत. सगळे ग्लास स्वयंपाकघरातल्या ओट्यावर. बैठकीत पाण्याची बाटली आणि खायला.

प्यायचं ते ओट्यापाशी उभं राहून, थांब्यावर. थांबे चार, विसाव्या, चाळिसाव्या, साठाव्या आणि ऐंशीव्या टर्नला. साधारण दर चाळीस मिनिटांनी एक येतो.

आता तुझ्याकडे नाहीतर सोसायटीत कुणाकडे तरी कॅरम असेल, त्याच्या सोंगट्या घे. प्रत्येकाला चार. एक सोंगटी म्हणजे अर्धा पाइंट (३३० मिलीच्या छोट्या बाटलीतली निम्मी) बियर, साधी, पाच टक्क्यांची. त्यात साडेसहा ग्रॅम अल्कोहोल आलं. एका थांब्यावर एका माणसाची एकच सोंगटी खर्च होणार, त्याने त्या फेरीत कितीही पराक्रम केले असले तरी. चाळीस मिनिटांना साडेसहा ग्रॅम हा वेग यकृताच्या वेगाच्या आसपास राहतो. अख्ख्या संध्याकाळी चारही थांब्यांवर ज्याला लागलं त्याचे दोन पाइंट झाले. सोंगट्या संपल्या की संपल्या, उसन्या घ्यायच्या नाहीत.

थांब्यावर गेममधलं वर्ल्ड रँकिंग्ज उघडायचं. स्कोअरमध्ये जो पहिला त्याची एक सोंगटी. गेल्या वीस टर्नमध्ये ज्याने वंडर (पिरॅमिडसारखी भव्य वास्तू) पूर्ण केलं त्याची एक. ज्याने दुसऱ्या खेळाडूवर युद्ध पुकारलं त्याची एक. ज्याच्यावर पुकारलं त्याची नाही, हे पक्कं लक्षात ठेवा. आणि माझा सगळ्यात आवडता नियम, ज्याने तोंडी दिलेला शब्द मोडला त्याची एक. 'दहा टर्न तुझ्या सीमेवर येत नाही' असं म्हणून जो तिसऱ्या टर्नला घोडेस्वार घेऊन आला, त्याची सोंगटी बाकीच्या तिघांनी मिळून काढायची. चौघांच्या बैठकीत खरा खेळ या तोंडी तहांचाच असतो. दंड त्यावर लागला की गप्पा वाढतात. युनिट मेलं, बार्बेरियन आले, यावर काहीही नाही.

ज्याच्या नावावर एका थांब्याला दोन-तीन दंड जमतील त्याची सोंगटी एकच जाईल, उरलेल्यासाठी काम. बर्फ आणायचा, ताटं विसळायची, चहा टाकायचा. मागच्या पावसाळ्यात आमच्याकडे एकाने सलग तीन वंडर बांधली आणि तेवढी कांदाभजी तळली. अजून त्याचं कौतुक होतं.

राहिली लाल राणी. ती टेबलाच्या मधोमध ठेवा. ज्याला कुणाला वाटेल की आज माझं बस झालं, त्याने राणीला नुसता हात लावायचा. कारण विचारायचं नाही, 'काय रे एवढ्यात?' म्हणायचं नाही. त्याच्या उरलेल्या सोंगट्या तशाच राहतील आणि तो सरबतावर खेळेल. राणी पुन्हा मधोमध, पुढच्याला हवी असेल तर.

आता तुझ्या चौथ्या मित्राबद्दल. त्याच्या जिंकण्यावरून टोमणे मारलेत, त्यात त्याची बाजू बरोबर आहे. तुमच्या नियमांत तिघांची डोकी बधिर होत होती आणि त्याचं शाबूत होतं, एवढंच. नवीन नियमांत त्यालाही चार सोंगट्या, त्यालाही थांब्यावर ओट्यापाशी यायचं, फक्त त्याच्या ग्लासात कोकम सरबत. तो पुढे असेल तर त्याच्या वाट्याला जास्त कामं लावा. दंडाची धार तेवढीच राहील. 'एक घोट तरी घे' हे वाक्य मात्र तुझ्या घरात पुन्हा कुणी उच्चारू नये, आणि ते थांबवायची जबाबदारी यजमान म्हणून तुझी. कुणी औषधं घेत असतं, कुणाच्या घरात दारूने काय केलंय ते आपल्याला ठाऊक नसतं, कुणाला नुसती चव आवडत नाही. तिन्ही कारणं सारख्याच वजनाची. आणखी एक, तो पीत नाही म्हणून दर वेळी सगळ्यांना घरी पोचवायचं, सांडलेलं पुसायचं असं त्याच्याच गळ्यात पडत असेल, तर तेही थांबव. तो खेळायला येतो.

दुकानात गेल्यावर 'स्ट्राँग'कडे हात जाऊ देऊ नकोस. आठ टक्क्यांची ६५० मिलीची एक बाटली म्हणजे ४१ ग्रॅम, चार स्मॉल पेगांच्या बरोबरीची. 'एकच बियर तर घेतली' म्हणणारे इथे फसतात. खंबा, म्हणजे दारूची मोठी बाटली, आणूच नकोस. समोर असला की उघडला जातो. महाराष्ट्रात प्यायला परवाना लागतो, एका दिवसाचा पाच रुपयांत मिळतो, तो घे. तुम्ही चौघं वयाने मोकळे आहात, पण कुणाचा धाकटा भाऊ यायचा असेल तर बियरला २१ आणि हार्ड दारूला २५ वर्षं पूर्ण लागतात. कमी असेल तर तो सरबतवाल्यांच्या बाजूला.

वेळ बदल, हे माझं आग्रहाचं सांगणं आहे. आठला बसण्यापेक्षा पाचला बसा. त्याआधी पोटात काहीतरी भरीव जाऊ दे, भुर्जी-पाव, डाळभात, काहीही. खारे शेंगदाणे आणि वेफर्स यांनी पोट भरत नाही, तहान वाढते आणि तहानेला माणूस ग्लास शोधतो. मध्ये उकडलेल्या चण्यांवर कांदा, लिंबू, कोथिंबीर घालून ठेव, पातेलं रिकामं होईल. ऐंशीव्या टर्नचा थांबा आठच्या आसपास होतो आणि शेवटच्या वीस टर्न सगळ्यांनी कोरड्या खेळायच्या. साडेआठला निकाल, मग जेवण, आणि दहानंतर ओरडाआरडा नाही म्हणून सोसायटीही खूश. डोंबिवलीवाला आरामात लोकल पकडेल.

गाडी-स्कूटी मात्र कुणीही चालवायची नाही, माझं बजेट तंतोतंत पाळलं तरीही. कायद्याने १०० मिली रक्तात ३० मिलिग्रॅम ही हद्द आहे आणि पहिल्याच वेळी १०,००० रुपये दंड किंवा सहा महिने कैद किंवा दोन्ही होऊ शकतं. बारीक अंगकाठीचं माणूस, विशेषतः मुलगी, दोन पाइंटनंतर जेवण होईपर्यंतही त्या हद्दीच्या वर असू शकते. लोकल, टॅक्सी, नाहीतर तुझ्याकडची जास्तीची गादी.

'एज ऑफ एम्पायर्स टू'चं उत्तर छोटं आहे. तिथे घड्याळ थांबत नाही, दोन्ही हात माउस-कीबोर्डवर असतात, गावकरी लाकूड तोडताहेत, तेवढ्यात घोडेस्वार येतात. मॅच चालू असताना प्यायचं म्हणजे खेळाचीही वाट आणि दारूचीही. मॅचभर काहीही नको. मॅच संपली की जिंकलेल्याची एक सोंगटी, आणि पुढची मॅच जेवढी लांबेल तेवढा वेळ आपोआप मिळतो. सोंगट्या इथेही चारच, मॅच कितीही झाल्या तरी.

आता ग्रुपवर काही टाकायच्या आधी त्या मैत्रिणीला फोन कर. मेसेज नको, फोन. त्या रात्री तिच्याकडे लक्ष कुणाचं होतं, ती घरी कशी गेली, दुसऱ्या दिवशी तिला कसं वाटलं, हे विचार आणि ती सांगेल ते पूर्ण ऐकून घे. तिला नुसतं खेळायचं असेल आणि प्यायचं नसेल तर तेही विचारून घे, आणि मग कोकमाची बाटली मोठी आण. त्यानंतर चौथ्या मित्राला भेट, जमलं तर चहावर. ग्रुपवर मग दोनच ओळी टाक: 'शनिवारी पाच वाजता. नियम बदललेत, जो पुढे असेल तो पिणार. येताना कुणीतरी कॅरमच्या सोंगट्या आणा.'

– ताई